काही नाही, असंच

दवाखान्यात बाई स्टुलावर बसते. डॉक्टर विचारतात, ‘काय होतंय?’ बाई म्हणते, ‘काही नाही, असंच.’ मग थांबत थांबत एकेक बाहेर येतं. डोकं जड होतं, हातापायाला मुंग्या येतात, छातीत धडधडतं, जेवणावर वासना नाही, रात्री दोनला डोळा उघडतो तो मिटत नाही. रक्तदाब मोजला तर बरोबर निघतो. रक्त थोडं कमी निघतं. लोहाच्या गोळ्या, एक इंजेक्शन, फारच आग्रह झाला तर सलाईन. दोन दिवस बरं वाटतं. महिन्याभराने ती पुन्हा त्याच स्टुलावर येऊन बसते आणि पुन्हा म्हणते, ‘असंच.’

या ‘असंच’चा हा आढावा आहे. घरात भांडण नाही, मारहाण नाही, खायला आहे, पोरं शाळेत जातात, नवरा कामावर जातो, आणि तरीही घरातल्या एका माणसाला आतून सतत काहीतरी टोचत राहतं, तेव्हा त्याला काय म्हणायचं, ते कुणी ऐकलं, कुणी मोजलं, आणि त्यावर आपल्याकडे काय करून पाहिलं गेलं, एवढाच प्रश्न मी घेतला आहे. लिहिताना डोळ्यांसमोर भोर तालुक्यातलं किकवी आहे, कारण ते मला ठाऊक असलेलं गाव आहे.

किकवी पुण्याहून साताऱ्याकडे जाताना हमरस्त्यावर लागतं. कापूरहोळ मागे पडलं की किकवी, पुढे सारोळा, मग नीरेचा पूल आणि पलीकडे सातारा जिल्ह्यातलं शिरवळ. शिरवळ-खंडाळ्याच्या पट्ट्यात कारखाने उभे राहिले तशी या बाजूच्या घरांची घड्याळं बदलली. माणसं शेतीच्या वेळेवर उठायची ती शिफ्टच्या वेळेवर उठू लागली. एका घरात एक जण सकाळी सहाला निघतो, दुसरा रात्रपाळी करून सकाळी येऊन झोपतो. तो झोपलाय म्हणून दिवसा भांडी वाजू द्यायची नाहीत, टीव्हीचा आवाज बारीक, पोरांना ओरडायचं तेही दबक्या आवाजात. रस्त्यावरून अखंड ट्रक जात असतात आणि त्या आवाजाला लागून असलेल्या घरात एक बाई दिवसभर आवाज न करता वावरत असते. हे दृश्य मी अनेकदा पाहिलं आहे. त्यात तक्रार करण्यासारखं काय आहे, असं कुणी विचारलं तर तिलाही सांगता येणार नाही.

माझी एक आत्या होती. रात्री सगळे निजले की ती उठायची आणि कडी पाहायची. मग गॅसचं बटण. मग पुन्हा कडी. मग मागच्या दाराशी जाऊन गोठ्याकडे कान द्यायची. आम्ही मुलं म्हणायचो, आत्याला चोराची भीती वाटते. तिला चोराची भीती नव्हती. आयुष्यात चोर म्हणून तिने कुणी पाहिला नव्हता. ‘मग कसली?’ असं तिला कुणी विचारल्याचं मला आठवत नाही. मीही विचारलं नाही.

मराठीला या अवस्थेची ओळख जुनी आहे. करमत नाही, जीव रमत नाही, चैन पडत नाही, जीव घाबरा होतो, उगाच भरून येतं: यातला प्रत्येक शब्दप्रयोग वेगळी छटा दाखवतो आणि तो वापरणाऱ्या बायका त्यात गफलत करत नाहीत. ‘करमत नाही’ म्हणणारीला माणूस हवं असतं. ‘जीव घाबरा होतो’ म्हणणारीला माणसं नको असतात, हवा हवी असते. पण मला सगळ्यांत अचूक वाटतो तो ‘घर खायला उठतं’ हा प्रयोग. त्यात दुखणं माणसाच्या डोक्यात नाही, घरात आहे. आणि एखादी भीती आत मुक्कामाला आली तर आपण म्हणतो, तिने मनात घर केलं. फ्रॉइडने १९१९ साली एका निबंधात दाखवलं की जर्मन भाषेत ‘भयाकुल करणारं, अनोळखी’ या अर्थाचा शब्द ‘घरगुती’ या शब्दापासूनच बनलेला आहे, आणि सर्वांत दचकवणारी गोष्ट ही मुळात ओळखीचीच असते. त्याला तेवढ्यासाठी निबंध लिहावा लागला. आपल्याकडे ते चुलीपाशी बोललं जात होतं.

आणखी एक प्रयोग या विषयाच्या मुळाशी जातो: दुखणं अंगावर काढणं. औषध न घेता, न सांगता, काम करत करत दुखणं सोसणं. ‘तिने अंगावरच काढलं’ हे वाक्य आपल्याकडे कौतुकाने बोललं जातं, माणूस गेल्यावर तर हमखास. शरीराचं दुखणं अंगावर काढता येतं हे खरं. मनाचं दुखणं मात्र अंगावर काढलं की अंगावरच उमटतं, आणि मग ते मनाचं होतं हे कुणालाच ओळखू येत नाही.

आता हे ऐकलं कुणी? पहिली नोंद मी जात्यावरच्या ओव्यांची मानतो. गी पॉइटवाँ आणि हेमा राईरकर या दोघांनी पुण्याच्या पश्चिमेच्या डोंगरपट्ट्यात, मुळशी, मावळ, वेल्हे, भोर या भागात, गरीब डोंगरी संघटनेच्या कामातून बायकांशी ओळखी केल्या आणि त्यांच्या ओव्या उतरवून घ्यायला सुरुवात केली. पुढे हा संग्रह महाराष्ट्रभर पसरला आणि एक लाखाच्या वर ओव्यांपर्यंत गेला. हजाराहून अधिक गावांमधल्या बायका त्यात आहेत. पॉइटवाँ २००४ साली गेले, राईरकर २०१० साली. आता हा संग्रह ‘पारी’च्या (पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया) संकेतस्थळावर ऐकायला मिळतो. त्यात सीता आहे, पंढरी आहे, भाऊ आहे, लेक आहे. पण ऐकत बसलं की लक्षात येतं, त्यातल्या कितीतरी ओव्या कुणालाच उद्देशून नाहीत. सासू झोपलेली, नवरा झोपलेला, अंधार, दगडाची घरघर, आणि त्या घरघरीच्या आडोशाला बाई स्वतःशी बोलते आहे. सोसण्याची गोष्ट ती सीतेच्या नावाने सांगते, म्हणजे कुणी ऐकलं तरी तिच्यावर बोट येऊ नये.

यावरून कुणी असं म्हणू नये की जातं असतं तर बरं झालं असतं. पहाटे उठून चार-पाच माणसांचं दळण हाताने दळणं हे हाडं मोडणारं काम होतं आणि गिरणी आली तेव्हा बायकांना झालेला आनंद खरा होता. मला एवढंच दिसतं की गिरणीने काम नेलं त्याबरोबर ती वेळही नेली. दळणाला जोडून बोलण्याची मुभा होती. मिक्सरच्या आवाजात गाता येत नाही.

दुसरी नोंद शरीराची. ती दोन टप्प्यांत झाली आणि दुसऱ्या टप्प्याने पहिल्याला अनपेक्षित वळण दिलं. राणी बंग, अभय बंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गडचिरोली जिल्ह्यातल्या दोन गावांमध्ये ६५० बायकांची तपासणी केली. तो अहवाल १९८९ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात छापून आला. ९२ टक्के बायकांना स्त्रीरोगाचा कोणता ना कोणता विकार निघाला आणि त्याआधी अशी तपासणी झालेल्या होत्या जेमतेम ८ टक्के. बायका काय काय अंगावर काढतात, हे त्या आकड्याने जगाला दाखवलं. त्यातून ग्रामीण स्त्रीच्या तक्रारीकडे शरीराचा आजार म्हणून गांभीर्याने पाहणं सुरू झालं, आणि ते फार आवश्यक होतं.

मग गोव्यात विक्रम पटेल आणि सहकाऱ्यांनी उलट बाजूने प्रश्न विचारला. ‘अंगावरून पांढरं जातं’ ही तक्रार घेऊन येणाऱ्या बाईला खरोखर जंतुसंसर्ग असतो का? सुमारे अडीच हजार बायकांचा अभ्यास करून त्यांनी २००५ साली मांडलं की या तक्रारीचं नातं जंतुसंसर्गापेक्षा मनावरच्या ताणाशी आणि घरातल्या परिस्थितीशी अधिक घट्ट आहे. विचारलं तर बायका कारणही तसंच सांगत: काम फार, विचार फार. म्हणजे बाईला माहीत होतं. तिने ते दवाखान्यात घेऊन जाता येईल अशा रूपात आणलं होतं. ‘मला घर खायला उठतं’ म्हणून डॉक्टरकडे जायला कोण पैसे देईल? ‘पांढरं जातंय, कंबर धरली’ म्हटलं की सासूही म्हणते, जाऊन ये.

हे फक्त आपल्याकडचं नाही. आर्थर क्लाइनमन या मानसोपचारतज्ज्ञाने चीनच्या हुनान प्रांतात ‘नसांचा अशक्तपणा’ असं निदान झालेले १०० रुग्ण तपासले. १९८२ साली त्याने लिहिलं की त्यातले ८७ खरं तर नैराश्याच्या व्याख्येत बसत होते. सांस्कृतिक क्रांतीच्या वर्षांनंतरच्या त्या समाजात डोकेदुखी आणि थकवा बोलण्याला धोका नव्हता. मन दुखतंय म्हणण्याला होता. चीनमधला धोका सरकारचा, आपल्याकडचा शेजारणीचा. परिणाम तोच. बाई खोटं बोलत नसते, हे मात्र पुन्हा पुन्हा सांगायला हवं. तिची कंबर खरंच दुखते.

तिसरी नोंद देवळातली. किकवीच्या माणसाला काळूबाई लांब नाही. भोरवरून घाट चढला की मांढरदेव. मांढरदेवीच्या यात्रेचं नाव देशभर पोचलं ते २५ जानेवारी २००५ च्या चेंगराचेंगरीमुळे, त्यात तीनशेच्या आसपास भाविक गेले. पण त्या गडावर एरवी मंगळवारी, शुक्रवारी गेलं तर दिसतात त्या घुमणाऱ्या बायका. केस मोकळे, डोळे तांबारलेले, आणि तोंडातून असे शब्द की घरी तिने ते उच्चारले असते तर काय झालं असतं याची कल्पना करवत नाही. अंगात आलेल्या बाईला नवरा हात जोडतो, सासू पाया पडते. ती मागते ते देतात: कधी साडी, कधी नारळ, कधी नुसतं ‘मला बोलू नका’. घुमणं थांबलं की ती पदर सावरून बसते आणि काय बोलले ते आठवत नाही म्हणते.

विएडा स्कल्टन्स या अभ्यासिकेने महाराष्ट्रातल्या एका महानुभाव मंदिरात राहून पाहणी केली. तिचा लेख १९८७ सालचा आहे. बरं होण्यासाठी तिथे घरातला मनोरुग्ण आणला जाई, बहुधा मुलगा किंवा नवरा, आणि सोबत येई ती आई किंवा बायको. घुमायला मात्र लागायची सोबत आलेली बाईच. ती देवाकडे मागायची की त्याचं दुखणं माझ्यावर येऊ दे. मी हे प्रथम वाचलं तेव्हा लेख खाली ठेवला. अंगावर काढणं याचा इतका शब्दशः अर्थ मी कधी लावला नव्हता. घरातलं सगळ्यांचं दुखणं ओढून घेणारं अंग एकच, आणि ते कुणाचं असणार हे आधीच ठरलेलं.

२० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला आणि त्याच वर्षी महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा आला. भगत-देवऋषीच्या चटक्यांपासून, मारहाणीपासून बाईला वाचवायला तो कायदा हवाच होता. मी त्याच्या बाजूने निःशंक उभा आहे. पण हा कायदा मागणारी माणसंच हेही सांगत आली आहेत की अंगात येण्यावर नुसती बंदी घालून भागत नाही, त्या बाईच्या मनाला दुसरं ठिकाण द्यावं लागतं. पुण्याच्या बापू ट्रस्टच्या भार्गवी दवर यांनी महाराष्ट्रातल्या दर्ग्यांचा अभ्यास करून थोडी वेगळी बाजू घेतली: लोक तिथे का जातात, तिथे त्यांना काय मिळतं, हे आधी नीट पाहा. या दोन बाजूंमधला वाद मिटलेला नाही. मला वाटतं, चटका देणारा हात थांबवणं आणि बाईचं म्हणणं ऐकणं ही दोन्ही कामं एकाच दिवशी करायची आहेत. एक झालं म्हणून दुसरं उद्यावर टाकता येत नाही.

साहित्यात ही अस्वस्थता आली, पण ती बहुतेक शहरातून आणि शिकलेल्या घरांतून आली. विभावरी शिरूरकरांच्या ‘कळ्यांचे निःश्वास’ने १९३३ साली केवढी खळबळ उडवली, आणि सुनीता देशपांडे यांचं ‘आहे मनोहर तरी’ १९९० साली आलं तेव्हा ‘एवढं सगळं असून हिला काय कमी होतं’ हा प्रश्न सुशिक्षित घरांतही कसा विचारला गेला, हे त्या पिढीच्या वाचकांना आठवत असेल. अमेरिकेत बेटी फ्रीडनने १९६३ साली उपनगरातल्या गृहिणींबद्दल हेच लिहिलं होतं. किकवीतल्या बाईने मात्र पुस्तक लिहिलेलं नाही, म्हणून तिच्याबद्दल आपल्याला ओव्या आणि केसपेपर एवढ्यावरच बोलावं लागतं.

मोजदादीकडे वळलो तर पहिली गोष्ट अशी की बंगळुरूच्या निम्हान्स संस्थेने २०१५-१६ साली राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षण केलं ते १२ राज्यांत, आणि त्यात महाराष्ट्र नव्हता. त्या १२ राज्यांत प्रौढांपैकी १०.६ टक्के लोकांना पाहणीच्या वेळी कोणता ना कोणता मानसिक विकार होता. नैराश्य-चिंतेसारख्या नेहमीच्या विकारांत १०० पैकी ८५ जणांपर्यंत उपचार पोचलेले नव्हते. पण ‘असंच’ म्हणणारी बाई या १०.६ मध्येही असेलच असं नाही. प्रश्नावली विकार शोधते. ज्याला अजून विकार म्हणता येत नाही, पण ज्याच्यामुळे वर्षानुवर्षं रात्रीची झोप गेलेली आहे, त्याला तिथे रकाना नाही.

वेगळ्या खात्याचा एक आकडा मला यापेक्षा जास्त सांगून जातो. केंद्र सरकारने २०१९ साली वेळेच्या वापराची पाहणी केली. घरकाम करणाऱ्या स्त्रिया त्यात दिवसाला सरासरी २९९ मिनिटं घालवतात आणि घरकाम करणारे पुरुष ९७. त्यातही असं काही काम करणारे पुरुष २६ टक्केच, स्त्रिया ८१ टक्के. २०२४ च्या पाहणीत हे २८९ आणि ८८ झालं. पाच वर्षांत बाईची दहा मिनिटं वाचली, पुरुषाचीही नऊ वाचली. मिनिटं मोजली तरी एक गोष्ट मोजायची राहतेच: ध्यान. दूध उतू जाईल, पाणी येईल, शिफ्टचा डबा, पोराची फी, सासऱ्यांची गोळी, उद्या भाजीला काय. हात रिकामे असतात तेव्हाही हे चालूच असतं. आत्या रात्री कडी पाहायची ती याच हिशेबात बसते, असं मला आता वाटतं. दिवसभर सगळ्याकडे ध्यान ठेवणाऱ्या मनाला रात्री ‘आता पुरे’ असं कुणी सांगितलेलंच नव्हतं.

आणि एक आकडा लिहिताना हात थांबतो. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाप्रमाणे २०२१ साली देशात ४५,०२६ स्त्रियांनी आत्महत्या केली. त्यातल्या २३ हजारांहून अधिक गृहिणी होत्या, म्हणजे निम्म्याहून जास्त. शेतकऱ्याच्या आत्महत्येवर विधिमंडळात चर्चा होते आणि ती व्हायलाच हवी. गृहिणीच्या आत्महत्येला मात्र गावात ‘पोटदुखीला कंटाळून’ असं कारण मिळतं आणि विषय दहाव्याला संपतो. प्रत्येक ‘असंच’ तिथे पोचत नाही. बहुतेक पोचत नाहीत. पण तिथे पोचलेल्यांपैकी कितीजणी आधी अनेकदा त्या स्टुलावर बसून गेल्या असतील, हा विचार मला सोडत नाही.

हे येतं कुठून? यावर सर्वांत नेमकं काम मला जॉर्ज ब्राउन आणि टिरिल हॅरिस यांचं वाटतं. लंडनच्या कॅम्बरवेल भागातल्या बायकांचा अभ्यास करून त्यांनी १९७८ साली पुस्तक लिहिलं. संकट सगळ्यांवरच येतं. मग एक बाई खचते आणि दुसरी तगते हे कशाने? त्यांनी चार गोष्टी काढल्या: मन मोकळं करावं असं जवळचं माणूस नसणं, घरात चौदा वर्षांखालची तीन किंवा अधिक मुलं असणं, बाहेरचं काम नसणं, आणि अकरा वर्षांच्या आत आई गेलेली असणं. लंडनच्या कामगार वस्तीतली ही यादी घेऊन किकवीत उभं राहा. पहिली गोष्ट मैत्रिणीची, शेवटची माहेराची. आपल्याकडे लग्न होऊन आलेल्या मुलीच्या दोन्ही एकाच दिवशी तुटतात. आई जिवंत असली तरी तिला सगळं सांगता येत नाही, कारण ‘तिला कशाला घोर’. फोन आले, रोज बोलणं होतं, पण ते बोलणं होतं सगळ्यांच्या देखत, ओसरीवर, ‘जेवलीस का’ एवढ्यापुरतं.

बाहेरच्या कामाबद्दल मात्र मला ब्राउन-हॅरिस जसेच्या तसे घेता येत नाहीत. आपल्या बाजूची बाई शेतात जाते, कंपनीत पॅकिंगला जाते, आणि आल्यावर चूल तिचीच असते. कामाने माणसं भेटतात हे खरं. पण त्यासाठी कामावरून आल्यावर दहा मिनिटं नुसतं बसता यायला हवं. घर बदलल्याचाही भाग आहे. महामार्गालगत जमिनी विकल्या गेल्या, वाटण्या झाल्या, भावाभावांनी वेगवेगळे स्लॅब टाकले. एका ओसरीवर चार जावा निवडणं-टिपणं करत बसायच्या, भांडायच्या, रुसायच्या. आता प्रत्येकीला स्वतःचं स्वयंपाकघर आहे, कडाप्प्याचा ओटा आहे, आणि समोर भिंत आहे. एकत्र कुटुंबाचा जाच मला ठाऊक आहे, त्याचे गोडवे मी गाणार नाही. पण जाच गेला आणि त्याच्या जागी काहीच आलं नाही.

पुरुषांचं काय? त्यांच्यात हीच अस्वस्थता ‘घरात बसवत नाही’ या शब्दांत येते. कंत्राटी कामावरून ब्रेक मिळालेला पोरगा दिवसभर गाडीवर फिरतो. निवृत्त झालेला माणूस पारावर, मग हॉटेलात, मग हळूहळू दुसऱ्या ठिकाणी जाऊन बसतो. त्याचं ‘असंच’ बाटलीत उतरतं आणि घरी येताना बायकोसाठी नवी धडधड घेऊन येतं. अनिल आणि सुनंदा अवचट यांनी १९८६ साली सुरू केलेल्या पुण्याच्या मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्राने हे ओळखून रुग्णांच्या बायकांसाठी ‘सहचरी’ हा गट चालवला. नवऱ्यासाठी म्हणून आलेली बाई तिथे स्वतःबद्दल बोलू लागते. पुरुषांविषयी याहून जास्त सांगण्याइतकं काम आपल्याकडे झालेलं मला दिसत नाही, आणि ही उणीव मोठी आहे.

आता उपाय. इथे मला खरोखर आशा वाटते, कारण चांगलं काम मराठी मुलखात आणि शेजारी झालेलं आहे. गोव्यात ‘संगत’ संस्थेने २४ दवाखाने निवडले, १२ सरकारी, १२ खाजगी. निम्म्या ठिकाणी एक साधी, डॉक्टर नसलेली स्थानिक व्यक्ती प्रशिक्षण देऊन बसवली. तिचं काम रुग्णाचं ऐकणं, त्याला काय होतंय ते समजावणं, झोपेसाठी-श्वासासाठी साधे उपाय शिकवणं, गरज पडली तर पुढे पाठवणं. २०१० साली ‘लॅन्सेट’मध्ये निकाल आला: सहा महिन्यांनी, सरकारी दवाखान्यांत ही व्यक्ती होती तिथे ६५.९ टक्के रुग्ण बरे झाले, नव्हती तिथे ४२.५ टक्के. खाजगी दवाखान्यांत फरक पडला नाही. तिथला डॉक्टर बहुधा आधीपासूनच दोन मिनिटं जास्त बोलत असावा, असा माझा अंदाज. विदर्भात अमरावती जिल्ह्यातल्या ३० गावांमध्ये ‘विश्राम’ हा कार्यक्रम झाला. गावातल्याच माणसांनी घरोघरी जाऊन नैराश्याबद्दल बोलायला सुरुवात केली आणि दीड वर्षात मदत मागणाऱ्या नैराश्यग्रस्तांचं प्रमाण ४.३ टक्क्यांवरून २७.२ वर गेलं.

मला सगळ्यांत जवळचं वाटतं ते नाशिक जिल्ह्यातल्या पेठ तालुक्यातलं ‘आत्मीयता’. पुण्याच्या एका संस्थेने, सौमित्र पाठारे आणि सहकाऱ्यांनी, २०१३ पासून तिथल्या ४१ गावांमध्ये हे केलं. गावातल्या बचत गटांतून, शेतकरी गटांतून ज्यांच्याकडे लोक आपणहून बोलायला जातात अशी माणसं शोधली. त्यांना ऐकायला शिकवलं आणि घरगुती भांडणं, दारू, बेकारी यांवरच्या छोट्या चित्रफिती फोनवर दिल्या, बोलणं सुरू व्हायला निमित्त म्हणून. आणि एक शहाणपणाची गोष्ट केली: ऐकण्याबरोबर त्या माणसाचं रखडलेलं पेन्शन, रेशनकार्ड, दाखला यांतही मदत करायची. मनाचं दुखणं आणि रेशनकार्ड यांत भिंत असते असं शहरातल्या माणसाला वाटतं. गावात नसते.

सरकारने १० ऑक्टोबर २०२२ पासून टेलिमानस सुरू केलं. १४४१६ या नंबरावर दिवसरात्र, मराठीतही, फुकट बोलता येतं. हा नंबर प्रत्येक अंगणवाडीच्या भिंतीवर रंगवावा असं मला वाटतं. पण फोन करायचा कुठून? स्वयंपाकघरातून नवऱ्याच्या झोपेत? ओसरीवरून सासूच्या देखत? रीचार्ज कुणी मारायचा, कॉलची यादी कोण पाहतं? ज्या घराने बाईला एक बंद दार दिलेलं नाही, तिथे नुसता नंबर पुरत नाही. मोठ्या तपासणीसाठी पुण्यात येरवड्याचं मनोरुग्णालय किंवा ससून, म्हणजे एक पूर्ण दिवस, दोघांचा खाडा आणि गावात चर्चा. तेवढं करण्याइतकं ‘असंच’ कधीच मोठं वाटत नाही.

म्हणून माझं मत असं की किकवीसारख्या गावाला पहिली गरज मानसोपचारतज्ज्ञाची नाही. त्याची गरज आहे, आणि भोरच्या सरकारी रुग्णालयात तो ठरल्या वाराला हमखास भेटायला हवा. पण त्याआधी, दवाखान्यातल्या त्या स्टुलाच्या आधी, ‘असंच’ या उत्तरानंतर गप्प राहून थांबणारं एक माणूस हवं. आरोग्य खात्याच्या आशाताई आहेत, पण त्यांच्यावर आधीच इतकी रजिस्टरं आहेत की त्यांचंच कुणीतरी ऐकायला हवं. हे काम आणखी एक रकाना म्हणून त्यांच्या अंगावर टाकलं तर तेही अंगावरच काढलं जाईल.

बचत गटाच्या बैठकीला मी एकदा दारात उभा राहिलो होतो. हप्ते गोळा झाले, दंड लिहिला गेला, सह्या, अंगठे झाले, वही मिटली. सगळ्या उठल्या. आणि मग कुणीच गेलं नाही. चपला पायात अर्ध्या अडकवलेल्या, एक हात दाराच्या चौकटीवर, अशा दहा-बारा जणी तिथेच उभ्या राहिल्या. ‘तुला झोप लागती का गं?’ एकीने विचारलं. ‘कसली लागती.’ ‘मलाबी नाही.’ तिसरी म्हणाली, ‘मला वाटलं माझंच असं हाय.’ मग कुणाच्या तरी घरून हाक आली आणि त्या पांगल्या.